बातमीला कलम १८ लावून पाहा

नोव्हेंबर २०१६ मध्ये दोन हजारांची नवी नोट बहुतेकांनी हातात धरूनही पाहिली नव्हती, तेव्हाच काही हिंदी वृत्तवाहिन्यांनी तिच्यातली ‘नॅनो चिप’ शोधून काढली होती. चिपला बॅटरी लागत नाही, ती उपग्रहाला प्रतिसाद देते, नोट जमिनीखाली १२० मीटर पुरून ठेवली तरी तिचा ठावठिकाणा कळतो, असं निवेदक ग्राफिक्ससकट समजावून सांगत होते. अशी चिप कधीच नव्हती. रिझर्व्ह बँकेने नोटेची वैशिष्ट्यं एकेक करून जाहीर केली होती, त्यात चिपचं नावही नव्हतं. ती यादी वाचायला दोन मिनिटं पुरली असती.

हे निवेदक खोटं बोलत होते का? मला तसं वाटत नाही. व्हॉट्सॲपवर आलेला मजकूर त्यांनाही खरा वाटला असावा. आपल्याकडे माध्यमांवरचा वाद नेमका इथेच अडकून बसतो. एक बाजू म्हणते, सगळे विकले गेलेत. दुसरी म्हणते, चूक कुणाकडूनही होते, हेतू वाईट नव्हता. मग दोघं हेतूवर भांडत बसतात. दुसऱ्याच्या मनात काय होतं ते सिद्ध करता येत नाही, त्यामुळे भांडण संपतही नाही.

गंमत अशी की हा तिढा सोडवायची एक रीत आपल्या कायद्यात दीडशे वर्षांपासून पडून आहे. भारतीय करार अधिनियम, १८७२. त्याचं कलम १७ कपटाबद्दल आहे, म्हणजे जाणूनबुजून केलेल्या फसवणुकीबद्दल. कलम १८ चुकीच्या निवेदनाबद्दल आहे, वकील ज्याला मिसरिप्रेझेंटेशन म्हणतात. त्या कलमातला पहिलाच प्रकार असा: हाताशी असलेल्या माहितीचा ज्याला आधार नाही अशी असत्य गोष्ट ठामपणे सांगणं, सांगणाऱ्याला स्वतःला ती खरी वाटत असली तरीही. शेवटचे शब्द पुन्हा वाचावेत असे आहेत. कायदा म्हणतो, तुमच्या मनात काय होतं हे मी विचारतच नाही. तुम्ही जितक्या ठामपणे बोललात तितकी माहिती तुमच्याकडे होती का, एवढंच सांगा.

इंग्लंडमध्ये याच प्रश्नावर १८८९ साली डेरी विरुद्ध पीक हा खटला गाजला. प्लिमथच्या एका ट्राम कंपनीने माहितीपत्रकात सांगितलं की आम्हाला वाफेवर ट्राम चालवायचा हक्क आहे. प्रत्यक्षात त्यासाठी बोर्ड ऑफ ट्रेड या सरकारी खात्याची संमती लागणार होती. ती मिळेलच असं संचालक धरून चालले होते. ती मिळाली नाही, कंपनी बुडाली, भागधारकांचे पैसे गेले. हाउस ऑफ लॉर्ड्सने, म्हणजे तेव्हाच्या तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने, ठरवलं की संचालकांचा प्रामाणिक विश्वास होता, म्हणून हे कपट नाही. निकालावर इतका गदारोळ झाला की पुढच्याच वर्षी तिथल्या संसदेला संचालकांच्या जबाबदारीचा वेगळा कायदा करावा लागला. आपल्या कलम १८ मध्ये त्याआधी सतरा वर्षं ‘मिळेलच’ आणि ‘मिळालेली आहे’ यातला फरक नोंदवून ठेवला होता.

आता ही कसोटी घेऊन संध्याकाळी टीव्हीसमोर बसा. बहुतेक बातम्या खोट्या नसतातच. बातमीच्या पोटात असतं ‘प्रस्ताव विचाराधीन’, आणि पट्टीवर येतं ‘मोठा निर्णय’. पोटात ‘पोलिसांना संशय’, तर पट्टीवर थेट माणसाचं नाव आणि पुढे ‘चा कट’. एखाद्याच्या अंगावर जबाबदारी यायची शक्यता दिसली की एक प्रश्नचिन्ह टाकलं जातं. आपल्याकडच्या वृत्तकक्षांत या प्रश्नचिन्हाला आता विमा पॉलिसीचं महत्त्व आलं आहे. सूत्रांचंही तसंच. सूत्राचं नाव गुप्त ठेवणं हा पत्रकारितेतला जुना आणि आवश्यक संकेत आहे. पण एका सूत्राने फोनवर सांगितलेली ऐकीव गोष्ट आणि दोन ठिकाणी पडताळलेली कागदोपत्री गोष्ट या दोन्हींवर ‘सूत्रांच्या माहितीनुसार’ हेच लेबल लागलं, तर वाचकाने वजन कशाला किती द्यायचं?

महाराष्ट्राला हे सगळ्यात जवळून दिसलं ते १४ एप्रिल २०२० ला. टाळेबंदी ३ मेपर्यंत वाढल्याची घोषणा त्याच दिवशी झाली आणि दुपारी वांद्रे स्थानकाबाहेर गावी जायला निघालेल्या मजुरांची मोठी गर्दी जमली. त्या सकाळी एका मराठी वाहिनीने सांगितलं होतं की अडकलेल्यांसाठी विशेष गाड्या सुटणार आहेत. बातमी हवेतून आलेली नव्हती. रेल्वेचं अंतर्गत पत्र होतं, त्यात अशा गाड्यांचा विचार मांडलेला होता. पण विचार म्हणजे निर्णय नव्हे, आणि रेल्वेने तसा खुलासाही केला. पत्र खरं, ‘गाड्या सुटणार’ ही खात्री मात्र त्या पत्रात नाही. कलम १८ चं याहून नेमकं उदाहरण पाठ्यपुस्तकातही सापडणार नाही. गर्दी त्याच बातमीमुळे जमली असं म्हणणं मात्र पुन्हा तीच चूक करणं होईल. रोजगार गेलेला, खोलीचं भाडं थकलेलं आणि घरी जायची वाट बंद झालेली माणसं रस्त्यावर यायला एक बातमी लागतेच असं नाही.

पुढे जे झालं ते अधिक वाईट. पोलिसांनी त्या वार्ताहराला अटक केली. नंतर त्याला जामीन मिळाला, पण सरकारने चुकीच्या निवेदनावर कपटाचा इलाज केला, तोही तुरुंगाचा. आणि गर्दी जमली त्याच संध्याकाळी देशातल्या काही वाहिन्या विचारत होत्या की ही गर्दी मशिदीजवळच कशी? वांद्रे पश्चिमेला उतरणाऱ्या कुठल्याही मुंबईकराला ठाऊक आहे की मशीद स्थानकाला लागूनच आहे. स्थानकाबाहेर उभा राहणारा प्रत्येक जण मशिदीजवळच उभा असतो. कॅमेऱ्यात दिसलं ते खरं होतं. फ्रेमच्या बाहेर काय आहे हे सांगितलं गेलं नाही, एवढंच. त्या फ्रेमसाठी कुणी कोठडीत गेल्याचं मला आठवत नाही.

न बोलण्याबद्दल करार कायद्याने जे म्हटलंय ते मला नेहमीच फार शहाणपणाचं वाटत आलंय. नुसतं गप्प राहणं म्हणजे कपट नाही, असं कलम १७ चं स्पष्टीकरण सांगतं आणि लगेच घोड्याची उदाहरणं देतं. अ लिलावात घोडा विकतोय, घोडा सदोष आहे हे त्याला ठाऊक आहे, पण तो काही बोलत नाही. हे कपट नाही. घेणारी त्याचीच नुकती सज्ञान झालेली मुलगी असेल, तर नात्यामुळेच बोलणं त्याचं कर्तव्य ठरतं. आणि घेणारा म्हणाला, ‘तू नाही म्हणाला नाहीस तर घोडा धडधाकट आहे असं मी समजेन’, आणि तरीही अ गप्प राहिला, तर ते गप्प राहणं बोलण्यासारखंच. म्हणजे प्रश्न नात्याचा आहे, कोण कुणावर विसंबून आहे याचा. वर्तमानपत्र आणि वाचक यांचं नातं लिलावातल्या अनोळखी गिऱ्हाइकाचं की घरातल्या मुलीचं? वर्गणी भरण्याचं आवाहन करताना सगळी दैनिकं दुसऱ्या नात्याची भाषा बोलतात. अंगाशी आलं की पहिल्या.

अर्धसत्याचा मासला पाहायचा तर रॉयल मेल स्टीम पॅकेट कंपनीचं १९२८ चं माहितीपत्रक काढावं. कंपनीने भांडवल उभारताना सांगितलं की आम्ही वर्षानुवर्षं लाभांश दिलाय. अक्षरशः खरं. न सांगितलेली गोष्ट ही की त्यातली कित्येक वर्षं धंदा तोट्यात होता आणि लाभांश युद्धकाळात साठवलेल्या गंगाजळीतून वाटला जात होता. कंपनीचे अध्यक्ष लॉर्ड किल्संट यांना १९३१ मध्ये बारा महिन्यांची शिक्षा झाली, अपिलातही ती टिकली. एकही वाक्य खोटं नसलेला कागद एकूणात खोटा असू शकतो, हे न्यायालयाने मान्य केलं.

हेच माप २००९ च्या महाराष्ट्र विधानसभा निवडणुकीला लावा. निवडणुकीनंतर पी. साईनाथ यांनी ‘द हिंदू’मध्ये दाखवून दिलं की तत्कालीन मुख्यमंत्री अशोक चव्हाण यांची स्तुती करणारे, शब्दाला शब्द जुळणारे लेख एकमेकांशी स्पर्धा करणाऱ्या मराठी दैनिकांत ‘बातमी’ म्हणून छापून आले होते. कुठेही ‘जाहिरात’ असा शब्द नव्हता. चव्हाणांनी निवडणूक खर्चात वृत्तपत्रांतल्या जाहिरातींवर ५,३७९ रुपये दाखवले होते. पुढे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. २०१४ मध्ये निवडणूक आयोगाने हिशेबात त्रुटी काढली आणि त्याच वर्षी दिल्ली उच्च न्यायालयाने आयोगाचा आदेश रद्द केला. उमेदवारापुरतं ते तिथे संपलं. मला खटकतं ते वेगळंच. पाच वर्षं आयोग, न्यायालयं, वकील सगळे उमेदवाराच्या हिशेबावर वाद घालत होते. ज्याने सकाळी चहाबरोबर तो मजकूर बातमी समजून वाचला, तो वाचक या सगळ्यात कुठेच पक्षकार नव्हता. प्रेस कौन्सिलने नेमलेल्या उपसमितीने पेड न्यूजवर, म्हणजे पैसे घेऊन छापलेल्या बातम्यांवर, वृत्तपत्रांची नावं घेऊन सविस्तर अहवाल दिला, तोही कौन्सिलने २०१० मध्ये आधी त्रोटक करून काढला. पूर्ण अहवाल बाहेर यायला केंद्रीय माहिती आयोगाचा आदेश लागला.

तालुक्याच्या पातळीवर याला ‘पॅकेज’ म्हणतात आणि कुणी लाजतही नाही. अर्ज भरायच्या दिवसाची बातमी, पदयात्रेची बातमी, ‘वाढता पाठिंबा’, शेवटच्या दोन दिवसांत ‘विजय निश्चित’, असं सगळं एका रकमेत. ज्या वार्ताहराच्या नावाने हे छापून येतं त्याला मानधन नाममात्र असतं. त्याचं घर चालतं जाहिरातींच्या कमिशनवर, वाढदिवसाच्या पुरवण्यांवर, दिवाळी अंकाच्या टार्गेटवर. ज्या आमदाराविरुद्ध लिहायचं त्याच्याचकडे पुरवणीसाठी जायचं. या माणसाला दोषी धरणं सोपं आहे. पॅकेजचा दर मात्र तो ठरवत नाही.

आणि पान उलटलं की त्याच अंकात फ्लॅटची जाहिरात असते. तिथे मात्र कायदा जागा आहे. घरबांधणी व्यवसायाचं नियमन करणाऱ्या रेरा कायद्याच्या कलम १२ नुसार जाहिरातीवर, माहितीपत्रकावर किंवा सॅम्पल फ्लॅटवर विसंबून कुणी पैसे भरले आणि त्यातली माहिती खोटी किंवा चुकीची निघाली, तर बिल्डरला भरपाई द्यावी लागते, गिऱ्हाइकाला बाहेर पडायचं असेल तर व्याजासह पैसे परत करावे लागतात. सुपर बिल्ट-अपच्या नावाखाली जिना, लॉबी आणि लिफ्टचा खड्डा विकायचे दिवस संपले, कार्पेट एरियाची व्याख्या कायद्यातच आली. ‘स्टेशनपासून पाच मिनिटं’ लिहिणाऱ्या बिल्डरला आता निदान विचार करावा लागतो. पण त्याच पानाच्या वरच्या अर्ध्या भागात त्याच परिसराचा ‘कायापालट होणार’ अशी बातमी असते. मेट्रो येणार, उड्डाणपूल होणार, दर वाढणार. त्या बातमीवर विसंबून घर घेणाऱ्याला कुठलंच कलम नाही. जाहिरातीवर वाचक सहसा विश्वास ठेवत नाही, म्हणून तिच्यावर कायदा. बातमीवर ठेवतो, आणि ती मोकळी. यात काही चुकतंय असं वाटत नाही का?

माध्यमांतली मंडळी यावर म्हणतात, वाचक सुज्ञ आहे, त्याला सगळं कळतं. हा बचावही करार कायद्याला परिचित आहे. कलम १९ म्हणतं की चुकीच्या निवेदनाने फसलेल्याला करार रद्द करता येतो, पण साधारण दक्षता घेऊन खरं काय ते शोधायची सोय त्याच्याकडे असेल तर नाही. उदाहरण निळीच्या कारखान्याचं आहे. विकणाऱ्याच्या बोलण्यावरून घेणाऱ्याचा समज होतो की कारखान्यात वर्षाला पाचशे मण नीळ होते. घेणारा हिशेबाच्या वह्या तपासतो, त्यात चारशेच मण दिसते, तरीही तो कारखाना घेतो. मग त्याने तक्रार करायची नाही. न्याय्य आहे. पण वाचकाला कुणी वह्या दाखवल्यात? सूत्र कोण, पत्र कुठलं, पॅकेज कितीचं, मालकाची गुंतवणूक कुठल्या खाणीत आणि कुठल्या टाउनशिपमध्ये, हे सगळं ज्या वहीत आहे ती वृत्तकक्षाच्या कपाटात असते. मुळात वह्या स्वतः तपासता येत नाहीत म्हणूनच तर माणूस पेपर घेतो.

मग सरकारने तपासाव्यात का? नाही. इथे मी ठाम आहे. केंद्राने २०२३ मध्ये माहिती तंत्रज्ञान नियमांत दुरुस्ती करून सरकारी कामकाजाबद्दलचा कुठला मजकूर खोटा, बनावट किंवा दिशाभूल करणारा आहे हे ठरवायचा अधिकार आपल्याच तथ्य-तपासणी कक्षाला देऊ केला. मुंबई उच्च न्यायालयात दोन न्यायमूर्तींचं मत दुभंगलं, तिसऱ्यांकडे प्रकरण गेलं आणि सप्टेंबर २०२४ मध्ये ती दुरुस्ती घटनाबाह्य ठरली. बरं झालं. वांद्र्याची अटक पाहिलेल्या माणसाला त्या कक्षाचं पुढे काय झालं असतं याची कल्पना करायला फार ताण द्यावा लागत नाही.

कलम १९ मधली मला सगळ्यात मोलाची वाटणारी गोष्ट हीच आहे. करार रद्द करायचा की नाही हे कायदा सरकारवर सोडत नाही, न्यायाधीशाच्या मर्जीवरही नाही. ज्याची संमती चुकीच्या निवेदनाने मिळवली, त्याची ती निवड. तो करार मोडू शकतो, किंवा ‘सांगितलं होतंस तसं कर, मला त्याच स्थितीत आणून ठेव’ असं म्हणून तो पुरा करून घेऊ शकतो. माध्यमांच्या बाबतीत आपण तुरुंग, नोटीस, प्रसारणबंदी असे सरकारच्या हातातले इलाज शोधत बसलो. फसलेल्याच्या हातात काही द्यावं, हे सुचलंच नाही.

काय देता येईल? बातमी परत करता येत नाही, हे मान्य. सुशांतसिंह राजपूतच्या मृत्यूनंतर २०२० मध्ये महिनोन्महिने एका अभिनेत्रीवर वाहिन्यांनी जो खटला चालवला, त्याची भरपाई कशी करणार? एम्सच्या डॉक्टरांनी खुनाची शक्यता फेटाळली. मुंबई उच्च न्यायालयाने जानेवारी २०२१ मध्ये माध्यम-खटल्यांवर कडक ताशेरे ओढले. सीबीआयने मार्च २०२५ मध्ये प्रकरण बंद करण्याचा अहवाल दिला. त्या अहवालाला मिळालेला वेळ आणि २०२० मधल्या त्या पावसाळ्याला मिळालेला वेळ यांची तुलना कुणीही करून पाहावी. सुशांतच्या नावाचे बनावट ट्वीट दाखवल्याबद्दल आज तकला वृत्तवाहिन्यांच्या स्वनियमन संस्थेने एक लाखाचा दंड केला होता. एक लाख म्हणजे प्राइम टाइमच्या जाहिरातींच्या काही सेकंदांचे पैसे. तीन वर्षांनी सर्वोच्च न्यायालयालाही विचारावं लागलं की एवढ्या दंडाने कुणाला काय फरक पडतो. प्रेस कौन्सिलकडे तर दंडाचाही अधिकार नाही. समज देणं, ताकीद देणं, निषेध नोंदवणं एवढंच. वाहिन्या तिच्या कक्षेतही येत नाहीत.

म्हणून माझी मागणी लहान आहे. ज्याच्याबद्दल छापलं त्याला आणि ज्याने वाचलं त्यालाही, संपादकाकडे थेट विचारण्याचा हक्क असावा: हे इतक्या खात्रीने सांगायला तुमच्याकडे काय होतं? सूत्राचं नाव नको. सूत्रं एक की दोन, कागद पाहिला की ऐकला, पैसे घेतले की नाही, एवढं सांगा. उत्तर देता आलं नाही, तर दुरुस्ती त्याच पानावर, त्याच जागी, तितक्याच टायपात. वाहिनीवर असेल तर त्याच वेळेला, तितकीच मिनिटं. संपादकाने नाकारलं तर दाद मागायला न्यायालय, मंत्रालय नाही. दंड नको, अटक तर नकोच.

यावर लहान पेपरवाले म्हणतील की अशाने आमची पानं दुरुस्त्यांनीच भरतील, आणि राजकारणी प्रत्येक अडचणीच्या बातमीवर हा हक्क वापरतील. दुसरी भीती खरी आहे. पण ज्या बातमीच्या मागे कागद आहे तिला हा प्रश्न घाबरवत नाही. शोधपत्रकारिता करणाऱ्यांच्या फायली बहुधा जाडच असतात, अडचण होते ती फाईलच नसलेल्यांची. पहिल्या भीतीबद्दल एवढंच म्हणेन की पानं दुरुस्त्यांनी भरणार असतील, तर ती आज कशाने भरतायत तेही कळेल.

तितकाच टाइप, तितकीच जागा, ही काही माझी कल्पना नाही. एप्रिल २०२४ मध्ये पतंजलीने सर्वोच्च न्यायालयाला सांगितलं की दिशाभूल करणाऱ्या जाहिरातींबद्दलची माफी आम्ही ६७ वृत्तपत्रांत छापलीय. न्यायमूर्ती हिमा कोहली आणि अहसानुद्दीन अमानुल्ला यांच्या खंडपीठाने विचारलं, माफीचा आकार तुमच्या जाहिरातींएवढा होता का? कंपनीला ती पुन्हा, मोठ्या आकारात छापावी लागली. न्यायालयाचा तो प्रश्न दुसऱ्या दिवशी देशभरातल्या दैनिकांनी ठळक मथळ्याने दिला. त्यातल्या कुठल्याही दैनिकाचा अंक उघडावा आणि आतल्या पानावरच्या ‘चूकभूल’ चौकटीचा आकार पट्टीने मोजून पाहावा.